सालीसकट पाळणा

४ मार्च

खारुताई,

पाळणा जाळ.

आधी एवढं कर, मग पुढचं वाच. नाही वाचलंस तरी चालेल. बाळाला उचल, अंथरूण काढ आणि पाळणा अंगणात नेऊन पेटव. तुकडे करून चुलीत घालायला जाऊ नकोस, तोडताना साल सुटेल आणि सगळं मुसळ केरात. अख्खाच्या अख्खा जाळ. राख होईपर्यंत तिथून हलू नकोस.

तुला वाटेल, म्हाताऱ्याला चळ लागला. चार वर्षांनी तुझी एक ओळ आली, 'पाळणा पोचला, छान आहे, बाळ त्यात झोपतं.' ती खिशात घालून मी गावभर मिरवलो. न्हाव्याला दाखवली, वखारवाल्याला दाखवली, टपालवाल्यालाही दाखवली, जणू ती त्यानंच आणून दिली नव्हती. आणि त्या ओळीला माझं उत्तर हे असं. पण ताकाला जाऊन भांडं लपवण्यात अर्थ नाही. त्या पाळण्यात किडे आहेत. ज्यांनी आमचा अख्खा डोंगर खाल्ला तेच.

बाळाला ते काही करणार नाहीत, घाबरू नकोस. माणसाशी त्यांना देणंघेणं नाही. त्यांना पाइनचं झाड लागतं, आणि तुझ्या मागच्या दारापासून पाइनशिवाय दुसरं काही नाही.

कसं झालं ते सांगतो. पाळण्याच्या दोन्ही टोकांच्या फळ्या मी सालीसकट ठेवल्या, ते तू पाहिलंच असशील. सुतारकाम शिकायला येणाऱ्याला पहिल्या दिवशी सांगतात, आधी साल काढ. आयुष्यभर मी तेच केलं आणि तेच शिकवलं. या एकाच वेळी नाही काढली. इथे आता सालीला हात लावावा असं झाड उरलेलं नाही, बोट लावलं की साल पोपड्यासारखी गळून पडते. म्हटलं, बाळाच्या हाताला खरी साल लागू दे. तू लहानपणी झाडावर चढायचीस तेव्हा तुझे गुडघे कायम त्या सालीनं खरचटलेले असायचे.

आणि झाड निवडताना मी स्वतःला फार शहाणा समजलो. लाल पडलेली, वाळलेली झाडं दाराशी हवी तेवढी आहेत, ती मुद्दाम टाळली. म्हटलं, बाळाला मेलेलं लाकूड नको. वर खिंडीजवळ एक झाड हिरवंगार उभं होतं, ते तोडून आणलं. इथेच घात झाला. मेलेलं झाड म्हणजे रिकामं घर, भाडेकरू केव्हाच सोडून गेलेले. हिरव्या झाडात ते नुकतेच राहायला आलेले असतात, आणि झाडाला आपण मेलो आहोत हे कळायला वर्ष लागतं. त्याच ओंडक्याचा उरलेला तुकडा माझ्या कामाच्या खोलीत पडून होता. काल त्याच्याखाली पिठासारखा बारीक भुसा पडलेला दिसला. झाडून घेतला, तर आज पुन्हा तेवढाच. साल उचकटली, तर आत ते वळवळत होते.

अजून थंडी आहे तोवर ते आत आहेत. दुपारी स्वेटर काढावासा वाटला की समज, ते उडणार.

जाळ, पोरी.

बाबा

१५ मार्च

खारुताई,

पत्र मिळालं का? मिळालं असेल तर 'जाळला' एवढा एकच शब्द लिही. पोस्टकार्डावर लिही, कोऱ्या कागदावर लिही, पाकीट उघडं ठेव, मला चालेल.

फोन लावून थकलो. एकदा वाजतो आणि बंद होतो. वखारवाल्याच्या फोनवरून लावला तेव्हा पाच-सहा वेळा वाजला, तू 'हॅलो' म्हणालीस, मी 'खारुताई' म्हणालो, आणि संपलं. एवढं तरी ऐकायला मिळालं. आवाज बसलाय तुझा. झोप होत नसेल.

मीच येणार होतो. पण माझा डावा पाय प्लास्टरमध्ये आहे. वखारीमागून चाललो होतो, वारा नव्हता, काही नव्हतं, आणि एक वाळलेलं झाड आडवं झालं. मेलेली झाडं हल्ली अशीच पडतात, उभं राहून कंटाळल्यासारखी. नशीब, फांदीच लागली. डॉक्टर म्हणाले, दोन महिने हलायचं नाही. मी म्हटलं, मला फक्त मुलीच्या घरापर्यंत जायचंय. ते म्हणाले, मग मुलीला बोलवा. मी काठी मागितली. सगळ्यांनाच सगळं सांगत बसायचं काय.

तू गेलीस तेव्हा डोंगर हिरवा होता, म्हणून तुला पटत नसेल. आज खिडकीतून पाहिलंस तर ओळखणार नाहीस. आधी वरची एक पट्टी लाल झाली. आम्ही म्हटलं, पाणी कमी पडलं असेल. मग लाल रंग खाली उतरला, शाळेपर्यंत आला, दवाखान्यापर्यंत आला. आता लालही नाही, सगळं राखाडी. पलीकडचा रस्ता, जो झाडांमुळे कधी दिसत नव्हता, तो घरातून स्पष्ट दिसतो, त्यावरून जाणारे लाकडाचे ट्रक दिसतात. पाऊस झाला की डोंगराची माती सरळ नळात येते. पाखरं गेली. फक्त सुतारपक्षी मजेत आहेत. आमच्या धंद्यात तेवढेच काय ते सुखी.

पूर्वी हिवाळा असा पडायचा की हे किडे सालीतच गोठून मरायचे. आता हिवाळा येतो आणि पाहुण्यासारखा चहा घेऊन जातो.

हे सगळं तुझ्याकडे व्हायला एक पाळणा पुरे आहे. तुझ्या घरामागचं जंगल केवढं आहे ते माझ्यापेक्षा तुला ठाऊक. आणि जावईबापूंची रोपवाटिका. आमच्या उजाड डोंगरावर पुढच्या वर्षी जी रोपं लावायची आहेत ती त्यांच्याचकडून येणार, हे मला वखारवाल्यानं सांगितलं. ऐकून छाती फुगली होती. माझ्या घरच्यांची रोपं माझ्या डोंगरावर.

एक शब्द लिही.

बाबा

२४ मार्च

तुझं पत्र आलं. दोन ओळी. 'पाळणा परत हवा असेल तर तसं सांगा. तिच्या डोळ्यांत सलत असेल तर मला कळू शकतं, पण बाळाच्या वस्तूवरून खेळ नकोत.'

वाचून मी पहिल्यांदा तुझ्यावर चिडलो. मग माझ्यावर. मग कुणावर चिडावं ते सुचेना, म्हणून प्लास्टरवर काठी हाणली आणि बोंबललो.

ठीक आहे, आता 'तिच्या'बद्दल बोलू. आजवर मी पत्रात तिला लपवत आलो, तेही तुला आवडणार नाही म्हणून. उरलेल्या ओंडक्याखालचा तो भुसा मला नाही दिसला. तिला दिसला. माझे डोळे आता वर्तमानपत्राच्या मथळ्यापुरते उरलेत. केर काढताना ती थांबली आणि म्हणाली, "मिस्त्री, हा भुसा तुमच्या करवतीचा नाही. पाळणा धाडल्यापासून तुम्ही करवतीला हात लावलेला नाही." मग तिनंच साल उचकटली. मग तीच म्हणाली, "पाळणाही ह्याच लाकडाचा ना हो?" आणि केरसुणी हातातच धरून उभी राहिली.

पहिलं पत्र लिहायला मला तिनं बसवलं. मी म्हणत होतो, थोडं थांबू, खात्री करू. खरं सांगायचं तर तुझी ती एक ओळ मला पुसायची नव्हती. ती म्हणाली, "तुमची ओळ राहील, तिकडे जंगल जाईल."

तुझी आई गेली आणि वर्षभरात मी खाणावळवालीशी लग्न केलं. आईचे कपडे अजून कपाटात आहेत आणि तुम्ही दुसरी आणली, असं तू म्हणालीस. मला एकट्याला जेवण जात नव्हतं, एवढंच त्याचं कारण, ते तुला पटो न पटो. तो राग तुझा आहे, खुशाल ठेव. पण त्या रागाचा आणि या किड्यांचा काही संबंध नाही. किड्यांना सावत्र-सख्खं कळत नाही.

माझ्यावर विश्वास ठेवू नकोस. स्वतःच्या डोळ्यांवर ठेव. डोक्याकडच्या फळीवर, सालीच्या भेगांमधून बघ. तांबूस भुसा दिसेल. चाकूचं टोक घालून अंगठ्याएवढी साल उचल. खाली लाकडावर नक्षी दिसेल, मधे एक उभी रेघ आणि तिला दोन्हीकडून फुटलेल्या बारीक आडव्या रेघा. सुताराची पोर आहेस तू. अशी नक्षी कुठल्या पटाशीनं होत नाही, ते तुला दिसल्यावर कळेल. आत पांढऱ्या अळ्या असतील, नाहीतर गव्हाच्या दाण्याहून बारके काळे किडे.

दिसले तर जाळ. दिसले नाहीत तरी जाळ, आणि मला मूर्ख म्हण. मी दुसरा करीन, गुळगुळीत, रंधा मारून, आरशासारखा. तू म्हणशील त्या झाडाचा.

जावईबापूंना मी वेगळं पत्र घातलं होतं. ते न उघडता परत आलं. पत्ता खोडलेला होता आणि खोडणाऱ्याचा हात मला ओळखू आला.

बाबा

५ एप्रिल

खारुताई,

आज वनखात्याच्या तपासनीस बाई घरी आल्या होत्या. त्या दर वर्षी येतात, कुणाकडे किडकं लाकूड आहे का ते बघतात. मी उरलेला ओंडका कधीच जाळून टाकला होता. त्यांनी जमीन पाहिली, कोपरे पाहिले, राख पाहिली. मग सहज विचारलं, "मिस्त्री, या लाकडाचं काही बनवून बाहेर पाठवलंत का?"

मी म्हटलं, "नाही."

तोंडावर खोटं बोललो. आणि चहाचा कप पुढे केला. स्वयंपाकघराच्या दारात ती उभी होती. बाई गेल्यावर तिनं माझ्यासमोर ताट आदळलं.

खोटं का बोललो ते सांगतो. मी बाईंना आडून आडून विचारलं, असं लाकूड दुसऱ्या गावी सापडलं तर काय करता. त्या म्हणाल्या, किडे अजून आतच असले तर ती वस्तू जाळतो आणि भोवतीची झाडं तपासतो, बस. पण एकदा ते बाहेर पडले असतील, सालीची चाळणी झालेली असेल, तर दया नाही. मग त्या घराभोवतीची सगळी पाइनची झाडं तोडतो, बुंधे सोलतो, आणि रोपं असतील तर रोपंही जाळतो. मालक पाया पडले तरी. मी म्हटलं, एवढं कशाला? त्यांनी बोटानं खिडकीबाहेरचा डोंगर दाखवला. म्हणाल्या, "इथे आम्ही दया केली होती."

कळलं तुला? आज जाळलास तर पाळणा जाईल. उद्या, परवा, ऊन चढल्यावर कुणी येऊन बघितलं तर तुमची रोपवाटिका जाईल, घर उघडं पडेल, जावईबापूंचे हात रिकामे होतील. आणि कुणीच बघितलं नाही तर सगळंच जाईल, कुणाला कळायच्या आत. पहिल्या वर्षी काहीच दिसत नाही. झाडं हिरवीच असतात. तुम्ही म्हणाल, म्हातारा उगाच साप साप म्हणून भुई धोपटत होता.

आज इथे दुपारी मी स्वेटर काढला.

पोरी, मी तुझ्या पाया पडतो. बापानं असं लिहू नये, पण लिहितो. मला वाट्टेल ते बोल. तिला वाट्टेल ते बोल, ती म्हणते तिची काही हरकत नाही. बाळाला माझं तोंडही दाखवू नकोस. फक्त काडी ओढ. मी रविवारपर्यंत वाट बघतो. त्यानंतर मी काय करीन ते मला आत्ता लिहवत नाही.

बाबा

१२ एप्रिल

रविवार आला आणि गेला. टपालवाला दाराशी आला, त्यानं मान हलवली.

मी तुझी तक्रार केली आहे.

हे पत्र मी तातडीच्या टपालानं पाठवतोय. त्यांच्या आधी पोचलं तर बरं. बाईंना निरोप धाडून बोलावून घेतलं आणि सगळं सांगितलं, कुठलं झाड, कधी तोडलं, पाळणा कुठे गेला, मी त्यांच्याशी खोटं कसं बोललो. त्या ओरडतील असं वाटलं होतं. त्यांनी नुसता चष्मा काढला आणि पुसला. मग म्हणाल्या, "तिकडची माणसं दोन-तीन दिवसांत जातील. मीही जाईन बरोबर." आणि एक कागद पुढे केला, तक्रार लेखी लागते म्हणून. म्हणाल्या, "नाव घालायलाच हवं असं नाही, मिस्त्री. निनावीही चालतं. बरेच जण तसंच करतात. नात्यागोत्याचा प्रश्न असतो."

मी निनावीच देणार होतो. मी काही शूर माणूस नाही. पेन खाली ठेवलं होतं.

तेवढ्यात आतून ही आली. टॉवेलला हात पुसत होती. मला म्हणाली, "मिस्त्री, माझं नाव घाला."

मी म्हटलं, "तुझं काय म्हणून?"

"तिच्या लेखी मी आधीच चेटकीण आहे. चेटकिणीच्या माथ्यावर आणखी एक पाप आलं तर तिला आश्चर्य वाटायचं नाही. निनावी दिलंत तरी ती माझंच नाव घेणार. मग सरळ माझंच घाला. तुमचं दार तेवढं उघडं राहील. कधीतरी ती येईल, तुमच्याशी बोलेल."

खारुताई, मला मोह झाला. तुझ्यापासून काय लपवू. क्षणभर मला ती सोय फार आवडली. तू माझीच राहिली असतीस, सगळा चिखल तिच्या अंगावर गेला असता, आणि मी म्हाताऱ्या बिचाऱ्या बापासारखा बसलो असतो. बाई खाली बघत होत्या. ही माझ्याकडे बघत होती, आणि तिच्या चेहऱ्यावर जराही राग नव्हता. तो असता तर बरं झालं असतं.

मी पेन उचललं. नावाच्या जागी माझं पूर्ण नाव लिहिलं. पुढे एक रकाना होता, तक्रार ज्याच्याविरुद्ध आहे त्याच्याशी नातं. तिथे लिहिलं, वडील.

ते आले की दार उघड. अडवू नकोस. पाळणा त्यांना दे. जावईबापूंना सांग की हे मी केलं, लाकूडही मी धाडलं आणि माणसंही मीच धाडली. घरचं झालं थोडं आणि व्याह्यानं धाडलं घोडं, असं ते म्हणतील तर म्हणू देत. इथे सासऱ्यानं धाडलं.

बाबा

२९ एप्रिल

खारुताई,

बाई परत आल्या. कालच भेटून गेल्या. त्यांनी जे सांगितलं ते तुला ठाऊकच आहे, तुझ्या दारातच घडलं. तरी लिहितो, कारण मी ते ऐकलं हे तुला कळायला हवं.

डोक्याकडच्या फळीची चाळणी झाली होती. पायाकडची अजून बंद होती. म्हणजे निम्मे बाहेर पडले होते. मी आठवडाभर आधी तोंड उघडलं असतं, त्या दिवशी चहाच्या कपासमोर खरं बोललो असतो, तर नुसता पाळणा गेला असता. ते आठवडाभराचं पाप तुझं नाही, माझं आहे. तुझ्या घराभोवतीची झाडं तोडली. दोन-तीन झाडांच्या सालीत ते सापडले, बाकीची निरोगी होती, तरी तोडली. रोपवाटिका जाळली. जावईबापूंनी पाण्याचा पाइप हातात धरून आग पसरणार नाही एवढं पाहिलं, असं बाई म्हणाल्या. त्यांना काय लिहू? पाय बरा झाला की मी येऊन त्यांच्या जमिनीत खड्डे खणीन, त्यांनी हाकललं तरी कुंपणाबाहेर बसून खणीन.

मागच्या जंगलात अजून काही सापडलेलं नाही. बाई म्हणाल्या, "बहुतेक वेळेत झालं." मी विचारलं, "बहुतेक म्हणजे?" त्या म्हणाल्या, "पुढच्या उन्हाळ्यात कळेल." वर्षभर आता मी त्या 'बहुतेक'वर जगायचं.

तू कागद मागितलास, असंही त्यांनी सांगितलं. तक्रार कुणी केली ते बघायचं म्हणालीस. नाव वाचलंस, मग ते अक्षर पुन्हा पुन्हा बघत राहिलीस, आणि म्हणालीस, "हे त्यांनीच लिहिलंय. तिनं नाही." आणि पायरीवर बसलीस.

हे मी हिला सांगितलं. ती आत गेली आणि उगाचच भांडी घासायला लागली. घासलेलीच भांडी.

तेव्हा आता हिशेब सरळ झाला. चार वर्षं तू जिच्यावर राग धरलास तिनं तुझं काही घेतलेलं नव्हतं. माझ्यावर धर. मी तुझं घर उघडं पाडलं, तुझ्या नवऱ्याची मेहनत जाळली, आणि उद्या पुन्हा तीच वेळ आली तर पुन्हा तेच करीन, फक्त आठवडाभर आधी. यासाठी मी माफी मागत नाही. मागितली तरी ती खोटी होईल.

जाताना बाई दारात थांबल्या. म्हणाल्या, "बाळ पाहिलं मी, मिस्त्री. तुमच्या मुलीच्या कडेवर होतं. तुम्हाला सांगू, मुलगा आहे की..."

मी हात वर करून त्यांना थांबवलं. ही स्वयंपाकघरातून ओरडली, "अहो, ऐकून तरी घ्या!" नाही ऐकलं. ते तुझ्याकडूनच कळायला हवं. तू सांगितलं नाहीस, तर मला कळणार नाही.

बाबा